दमाचा खेळ आणि दूरचित्रवाणीचें घड्याळ

हुतुतूच्या खेळांत पूर्वी चढाईला घड्याळ नव्हतें. चढाई करणाऱ्यानें छाती भरून दम घ्यावयाचा, मध्यरेषा ओलांडतांना घोष सुरू करावयाचा आणि तो तुटूं न देतां प्रतिपक्षाच्या गड्यास शिवून आपल्या अंगणांत परत यावयाचें. जितका ज्याचा दम तितकी त्याची चढाई. दम तुटला कीं नाहीं हें पंच डोळ्यांनीं पाहत नसे, कानांनीं ऐकत असे. म्हणजे ज्याला लोक पाहावयाचा खेळ समजतात तो मुळांत अर्धाअधिक ऐकावयाचा खेळ होता. अशा खेळाला दूरचित्रवाणीनें हातीं धरिलें, त्याचें तासाभराच्या कार्यक्रमांत रूपांतर केलें आणि त्याच्या कांहीं गड्यांना लक्षाधीश, क्वचित् कोट्यधीशही केलें, ही गोष्ट २०१४ नंतरची आहे. तिची पूर्वपीठिका मात्र शंभर वर्षांची असून ती बरीचशी मराठी मुलखांत घडलेली आहे. या व्यवहारांत खेळाच्या पदरांत काय पडलें आणि पदरचें काय गेलें, हें पाहण्यासारखें आहे.

नांदेड जिल्ह्यांतील भोकर हें गांव मुदखेडहून आदिलाबादेकडे जाणाऱ्या लोहमार्गावर आहे. तेथून पूर्वेस थोड्याच अंतरावर तेलुगू मुलूख सुरू होतो. १९४८ पर्यंत निजामाच्या अमलाखालीं आणि त्यानंतर १९५६ पर्यंत हैदराबाद राज्यांत असलेल्या या टापूंत दोन भाषांची सरमिसळ नवी नाहीं. मराठींत ज्याला हुतुतू म्हणतात त्याच खेळाला तेलुगूंत चेडुगुडु म्हणतात. तामिळांत तो सडुगुडु, बंगालींत हाडुडु आणि उत्तरेकडे कबड्डी. हीं नांवें मोठ्यानें उच्चारून पाहिलीं तर एक गोष्ट ध्यानांत येते. त्यांतलें एकही नांव मैदानावरून किंवा साधनावरून पडल्यासारखें वाटत नाहीं. तीं सर्व घोषाचींच नांवें आहेत. दम धरून ठेवतांना जिभेला जे वर्ण सोपे गेले ते त्या त्या भाषेनें उचलले. साधन तर या खेळाला मुळींच लागत नाहीं. ना चेंडू, ना फळी. जमीन सपाट करून पायानें रेघ ओढली कीं क्रीडांगण तयार. गरीब खेड्यांत तो टिकला याचें श्रेय या स्वस्ताईला आहे, आणि शहरांतील पुष्कळशा सुशिक्षितांनीं त्याच्याकडे दीर्घकाळ पाठ फिरविली याचें कारणही बहुधा तीच.

पाठ फिरविली, पण सर्वांनीं नव्हे. महाराष्ट्रांतील व्यायामप्रेमी मंडळींनीं या शतकजुन्या खेड्यांतल्या खेळाला नियमांच्या चौकटींत बसविण्याचें काम लवकरच हातीं घेतलें. १९१८ सालीं सातारा येथें नियम बांधण्याचा पहिला प्रयत्न झाला; १९२३ सालीं बडोद्याच्या हिंद विजय जिमखान्यानें नियम छापले व सामने भरविले; १९३४ सालीं अखिल महाराष्ट्र शारीरिक शिक्षण मंडळानें ते सुधारून घेतले. या कामांतली खरी अडचण अंगणाच्या लांबीरुंदीची नव्हती. बाद झालेल्या गड्याचें पुढें काय करावयाचें, ही होती. त्याबाबत खेळाचे तीन प्रकार चालत. ‘अमर’ प्रकारांत गडी बाद झाला तरी अंगणांतच राही, फक्त गुण मोजले जात. ‘गामिनी’ प्रकारांत बाद झालेला गडी बाहेर जाई तो आपला सबंध संघ बाद होईपर्यंत बाहेरच बसे. ‘संजीवनी’ प्रकारांत प्रतिपक्षाचा एक गडी बाद झाला कीं आपला एक जिवंत होई. अखेरीस संजीवनीचा प्रकार मान्य झाला. निवड करणाऱ्यांच्या मनांत दूरचित्रवाणी असणें शक्य नव्हतें. तरीही पुढें पडद्याला जें हवें होतें, म्हणजे सतत हलणारी गुणसंख्या आणि बाद झालेला नामांकित गडी लवकरच पुन्हा दिसेल ही आशा, तें संजीवनीनें आधींच तयार करून ठेविलें. गामिनीचा डाव कॅमेऱ्यापुढें मांडला असता तर ज्याच्यासाठीं प्रेक्षक बसला तोच गडी पहिल्या दोन मिनिटांत बाहेर जाऊन बसला असता.

१९३६ सालीं अमरावतीच्या हनुमान व्यायाम प्रसारक मंडळाचें पथक ऑलिंपिकच्या वेळीं बर्लिनला गेलें व तेथें त्यानें देशी खेळांचीं प्रात्यक्षिकें दाखविलीं. त्यांत हुतुतूही होता. त्याच बर्लिनमध्यें, त्याच ऑलिंपिकांत, सामने प्रथमच दूरचित्रवाणीवरून दाखविले जात होते आणि शहरांतील सार्वजनिक दालनांत बसून लोक ते पाहत होते. एका गांवांत इतक्या जवळ येऊनही या दोघांची सोयरीक जमावयास पुढें पाऊणशें वर्षांहून अधिक काळ जावा लागला. मधल्या काळांत खेळ आपल्या वाटेनें चाललाच होता. १९३८ सालीं कलकत्त्याच्या राष्ट्रीय क्रीडामहोत्सवांत त्याला स्थान मिळालें, १९५० सालीं अखिल भारतीय संघटना झाली, १९५२ सालीं मद्रासेस पुरुषांची पहिली राष्ट्रीय स्पर्धा झाली, आणि हुतुतू व चेडुगुडु या दोघांच्याही जागीं कबड्डी हें नांव रूढ झालें. शंकरराव उर्फ बुवा साळवी यांनीं त्यासाठीं जन्मभर केलेली खटपट महाराष्ट्राला ठाऊक आहे. त्यांचा जन्मदिवस, १५ जुलै, राज्यांत कबड्डीदिन म्हणून पाळला जातो. १९८२ सालीं दिल्लीच्या आशियाई क्रीडास्पर्धेंत कबड्डी प्रात्यक्षिकापुरती आली. १९९० सालीं बीजिंग येथें ती पदकाचा खेळ झाली आणि सुवर्णपदक भारतानें मिळविलें.

इकडे दूरचित्रवाणी १९५९ सालीं दिल्लींत व २ ऑक्टोबर १९७२ रोजीं मुंबईंत सुरू झाली, आणि १९८२ च्या त्याच आशियाई स्पर्धेच्या निमित्तानें तिला रंग आले. पण खेळ म्हणून तिनें जवळ केलें तें मुख्यत्वें क्रिकेटला. जी कबड्डी मुंबईच्या गिरणगांवांत रात्रीं दिव्यांच्या उजेडांत हजारों लोक दाटीवाटीनें उभे राहून पाहत, ती पडद्यावर क्वचितच दिसे.

मैदानावरचा खेळ पडद्यासाठीं कसा घडविला जातो याचें एक जुनें व नमुनेदार उदाहरण अमेरिकेंत सांपडतें. तेथें बोलिंग नांवाचा एक खेळ आहे. साठ फूट लांबीच्या लाकडी पट्टीवरून जड गोळा लोटून पलीकडे मांडलेल्या दहा खुंट्या पाडावयाच्या, इतकाच तो खेळ. १९५८ सालीं एडी इलायस नांवाच्या वकिलानें व्यवसायी बोलिंगपटूंची संघटना काढली, आणि १९६२ पासून एबीसी या कंपनीनें शनिवारच्या दुपारीं त्यांच्या स्पर्धा दाखविण्यास आरंभ केला. कार्यक्रम करणाऱ्यांच्या दृष्टीनें त्या खेळाचे गुण उघड होते. पट्टी हलत नाहीं; खेळाडू एका जागीं उभा राहतो, गोळा एकाच दिशेनें जातो. थोड्या कॅमेऱ्यांत सगळें मावतें. पाऊस नाहीं, वारा नाहीं, सामना लांबण्याची भीति नाहीं. पडद्याच्या सोयीप्रमाणें स्पर्धेचा सांगाडाही बदलला. आठवडाभर चाललेल्या चढाओढींतून पांच जण निवडावयाचे. पांचवा चौथ्याशीं खेळेल, जिंकणारा तिसऱ्याशीं, आणि असें एकेक पायरी चढत पहिल्यापर्यंत जावयाचें. दीड तासांत शिडी चढून होई आणि प्रत्येक पायरीवर कोणी तरी कोसळे. ख्रिस शेंकल यांचा शांत आवाज त्या कार्यक्रमाशीं इतका एकजीव झाला कीं बोलिंग म्हटलें म्हणजे लोकांना तोच आठवे. मोटारीच्या धावा करणाऱ्या फायरस्टोन कंपनीसारखे धनको मिळाले. पुढें प्रेक्षक घटले, उरलेले उतारवयाचे झाले. जाहिरातदारांना तरुण गिऱ्हाईक पाहिजे होतें. १९९७ सालीं एबीसीनें तो कार्यक्रम बंद केला. खेळ संपला नाहीं, पण शनिवारच्या दुपारचें तें वैभव पुन्हा आलें नाहीं. ज्या पडद्यानें त्याला उचलून घेतलें होतें त्यानेंच त्याला खालीं ठेविलें. आणि शिडीची कल्पना मात्र मागें राहिली.

कबड्डीला हे सगळे गुण होतेच, वर आणखी माणसांची झोंबाझोंबी होती. पुरुषांचें अंगण तेरा मीटर लांब व दहा मीटर रुंद. त्यांत सात बचाव करणारे आणि एक चढाई करणारा. आठही माणसें एका चौकटींत दिसतात. फुटबॉलप्रमाणें चेंडू इकडे आणि नजर तिकडे असें होत नाहीं. वीस वीस मिनिटांचे दोन डाव आणि मध्यें थोडी विश्रांति, म्हणजे तासाच्या आसपास सामना आटोपतो. हें हेरून आनंद महिंद्र आणि क्रिकेटचे समालोचक म्हणून परिचित असलेले चारू शर्मा यांनीं मशाल स्पोर्ट्स या संस्थेमार्फत प्रो कबड्डी लीग उभी केली. २६ जुलै २०१४ रोजीं मुंबईंतील वरळीच्या बंदिस्त क्रीडागृहांत यू मुंबा आणि जयपूर पिंक पँथर्स यांच्यांत पहिला सामना झाला. मुंबईनें तो ४५–३१ असा जिंकला, आणि ३१ ऑगस्टला त्याच जागीं अंतिम सामन्यांत जयपूरनें ३५–२४ असा वचपा काढला. पहिल्या हंगामाला सुमारें ४३ कोटी ५० लाख प्रेक्षक लाभल्याची मोजणी प्रसिद्ध झाली. देशांत त्याहून अधिक प्रेक्षक केवळ क्रिकेटच्या इंडियन प्रीमियर लीगला मिळाले होते. पुढच्या वर्षीं स्टार वाहिनीनें मशाल स्पोर्ट्सचा ७४ टक्के हिस्साच विकत घेतला. खेळ दाखविणारा आणि खेळ चालविणारा असा भेद त्यानंतर नांवापुरता उरला.

मांडणीकडे पाहिलें तर पहिला बदल प्रकाशाचा दिसतो. प्रेक्षागृह अंधारांत, गाद्यांचें रंगीत अंगण तेवढें लख्ख उजेडांत, ही योजना नाटकाच्या रंगमंचाची आहे. दुसरा बदल डोळ्याचा. पूर्वी बोटाचें टोंक लागलें कीं नाहीं याचा निर्णय पंच देई आणि पुष्कळदां खेळाडू स्वतःच हात वर करून मान्य करी. आतां संघनायक दाद मागतो, हालचाल संथ करून पुन्हा दाखविली जाते आणि घरीं बसलेला प्रेक्षकही पंच होतो. याला वाईट म्हणतां येणार नाहीं. वाद कमी झाले, आणि पकडीची कला, घोट्यावरची झडप, मांडीवरची कवळी, साखळी करून घातलेला घेरा, जी गर्दींत मागें उभ्या असलेल्या माणसाला कधीं दिसलीच नव्हती, ती प्रथमच सर्वांना दिसली.

तिसरा बदल दमाचा, आणि तो सर्वांत खोल गेला. चढाईला तीस सेकंदांची मर्यादा आली आणि पडद्याच्या कोपऱ्यांत ते सेकंद उलटे मोजले जाऊं लागले. घोष करण्याचा नियम रद्द झालेला नाहीं; चढाईपटूला कबड्डी कबड्डी म्हणावेंच लागतें. पण चढाई केव्हां संपणार हें आतां त्याची छाती ठरवीत नाहीं, आंकडा ठरवितो. समालोचकाचा आवाज, संगीत आणि प्रेक्षकांचा गजर यांत तो घोष घरीं ऐकूंही येत नाहीं. जुन्या व्यवस्थेंत एक दोष होता हें कबूल केलें पाहिजे. आघाडीवर असलेल्या संघाचा दमदार गडी मध्यरेषेजवळ घुटमळत वेळ काढी आणि सामना कंटाळवाणा होई. त्यावर उपाय म्हणून घड्याळ आलें, आणि त्याच्या जोडीला आणखी एक नियम ठसठशीत झाला: लागोपाठ दोन चढाया रिकाम्या गेल्या तर तिसऱ्या चढाईंत गुण मिळवावा, नाहीं तर बाद व्हावें. तीन किंवा त्याहून कमी गडी उरलेल्या संघानें पकड केली तर त्याला जादा गुण मिळूं लागला. मराठी वृत्तपत्रांनीं त्या पकडीला ‘अव्वल पकड’ असें समर्पक नांव दिलें. हरत असलेल्याला आशा आणि जिंकत असलेल्याला धास्ती शेवटपर्यंत राहावी अशी ही बांधणी आहे. ती यशस्वी झाली यांत शंका नाहीं. परंतु फुप्फुसाच्या कसरतीनें जो खेळ इतर सर्व खेळांहून वेगळा होता, त्याचें वेगळेपण मांड्या आणि मनगटें यांच्याकडे सरकलें, हेंही तितकेंच खरें.

प्रेक्षागृहाची गरज किती उरली याची परीक्षा २०२१ च्या डिसेंबरांत झाली. साथीच्या भयामुळें आठवा हंगाम बंगळूरच्या एकाच हॉटेलांत भरविला गेला. बारा संघ तेथेंच राहिले, तेथेंच खेळले, आणि फेब्रुवारी २०२२ पर्यंत एकाही प्रेक्षकावांचून सर्व सामने पार पडले. अंतिम सामन्यांत दबंग दिल्लीनें पाटण्यावर ३७–३६ असा एका गुणानें जय मिळविला, आणि त्या गुणाचा जल्लोष करावयास आसनांवर कोणी नव्हतें. खेळ हें एक चित्रनाट्य झालें आहे, हें एरवीं लपून राहणारें सत्य त्या हंगामानें उघडें केलें.

पैशाची बाजू लहान नाहीं. मे २०१४ मधील पहिल्या बोलींत सर्वांत अधिक किंमत राकेश कुमार यांना मिळाली, ती १२ लाख ८० हजार रुपये. २०२३ सालीं पवन सेहरावत यांच्यासाठीं तेलुगू टायटन्सनें २ कोटी ६० लाख ५० हजार मोजले. कोल्हापूरकडच्या सिद्धार्थ देसाई यांना २०१९ सालीं १ कोटी ४५ लाख मिळाले. ज्या खेळांत नैपुण्य मिळवून जास्तींत जास्त रेल्वेंत, पोलिसांत किंवा बँकेंत नोकरीची आशा करावयाची, त्या खेळावर घर चालूं शकतें असें शेतकऱ्याच्या मुलाला वाटूं लागलें, ही गोष्ट कोणत्याही टीकाकारानें हलकी लेखूं नये.

मात्र ही आशा सर्वांच्या वांट्याला सारखी आली नाहीं. २०१६ सालीं चौथ्या हंगामाबरोबर तीन संघांची स्त्रियांची स्पर्धा घेण्यांत आली. एका संघाचें नेतृत्व मुंबईच्या अभिलाषा म्हात्रे यांच्याकडे होतें. २०१२ सालीं पाटण्याला स्त्रियांचा पहिला विश्वचषक जिंकणाऱ्या भारतीय संघांत त्यांच्यासह सुवर्णा बारटक्के व दीपिका जोसेफ अशा महाराष्ट्राच्या तिघी होत्या. म्हणजे गुणांचा दुष्काळ नव्हता. ३१ जुलै २०१६ रोजीं अंतिम सामना २४–२३ असा अटीतटीचा झाला. पुढच्या हंगामांत ती स्पर्धा झाली नाहीं, आणि त्यानंतरच्या हंगामांतही तिला लीगमध्यें पुन्हा जागा मिळाली नाहीं.

मुलखाचेंही असेंच. महाराष्ट्राच्या वांट्याला दोन संघ आले, एक मुंबईचा व एक पुण्याचा. भोकरच्या मुलाला नकाशावर सर्वांत जवळचा संघ शोधावयाचा तर तो हैदराबादेचा, नांवानेंच तेलुगू. १९५६ सालीं राज्यपुनर्रचनेनें मोडलेली जुनी सोयरीक कबड्डीच्या पडद्यावर अशी पुन्हा जुळावी, हा योगायोग गमतीचा आहे. पण खरा अडसर अंतराचा नाहीं, जमिनीचा आहे. मातीवर अनवाणी खेळणारा गडी जें शिकतो तें गादीवर बूट घालून खेळणाऱ्याच्या सगळेंच उपयोगी पडत नाहीं. मातींत पाय किंचित् घसरतो, झडप घालतांना गुडघे सोलतात, म्हणून चाल जपून पडते. गादीवर पाय घट्ट रोंवतो आणि वेग वाढतो. गाद्यांचें अंगण विकत घेणें गांवच्या लहान मंडळाच्या आवांक्याबाहेरचें आहे. शून्य खर्चाचा म्हणून जो खेळ खेड्यांत जगला त्याच्या वरच्या पायरीवर जावयास आतां खर्च पडूं लागला. महाराष्ट्रानें जानेवारी २०१८ मध्यें हैदराबाद येथें रिशांक देवाडिगा यांच्या नेतृत्वाखालीं राष्ट्रीय अजिंक्यपद पुन्हा मिळविलें, तें अकरा वर्षांच्या खंडानंतर; नियम बांधणाऱ्या प्रांताला इतकें थांबावें लागलें.

पडद्यानें हा खेळ परदेशांतही शिकविला. इराणचे अनेक खेळाडू लीगमध्यें येऊन तरबेज झाले. २०१८ सालीं जाकार्ता येथील आशियाई स्पर्धेंत भारताचे पुरुष इराणकडून उपान्त्य सामन्यांत हरले आणि स्त्रिया अंतिम सामन्यांत. विजयी इराणी स्त्रियांच्या प्रशिक्षिका होत्या नाशिकच्या शैलजा जैन. पांच वर्षांनीं, ७ ऑक्टोबर २०२३ रोजीं, हांगझौ येथें पुरुषांच्या अंतिम सामन्यांत भारत व इराण पुन्हा समोरासमोर आले. इराणच्या संघांत फझल अत्राचली होता; हाच पूर्वी यू मुंबाचा कर्णधार. गुण २८–२८ असे बरोबरींत आणि वेळ संपत आलेली असतां पवन सेहरावत चढाईस गेला. तो कोणासही न शिवतां अंगणाच्या कडेच्या पट्टींत, ज्याला लॉबी म्हणतात तींत, गेला, आणि त्याला धरण्याच्या भरांत इराणचे बचाव करणारे त्याच्या मागोमाग तेथें शिरले. आंतरराष्ट्रीय स्पर्धांच्या जुन्या नियमाप्रमाणें त्याच्याबरोबर तेही बाद. लीगमध्यें रूढ झालेल्या नव्या नियमाप्रमाणें चढाईपटू एकटा बाद आणि चढाई तेथेंच समाप्त. दोन्ही बाजूंचे खेळाडू दोन्ही नियम जाणत होते, आणि प्रत्येकजण आपल्या फायद्याचा पुढें करीत होता. पंचांनीं निर्णय दिला, फिरविला, पुन्हा फिरविला. खेळाडू गादीवर बसून राहिले. सुमारें तासभर सामना थांबला, आणि अखेरीस जुना नियम ग्राह्य धरून भारताला गुण देण्यांत आले. सुवर्णपदक ३३–२९ असें भारताकडे आलें. ज्या लीगनें कबड्डीला जगापुढें नेलें तिचाच नियम त्या दिवशीं भारताला नको होता.

लीगमधले फेरफार त्यानंतरही थांबलेले नाहींत. २०२५ च्या बाराव्या हंगामापासून साखळींतला सामनाही बरोबरींत सोडावयाचा नाहीं असें ठरलें. गुण सारखे झाले तर दोन्ही संघांनीं पांच पांच चढाया कराव्या. तरीही सारखे राहिले तर सुवर्ण चढाई. साखळीनंतर पहिले आठ संघ पुढें जातात, आणि खालचे संघ एकेक सामना जिंकत वरच्या संघांपर्यंत पोहोंचतात. बोलिंगवाल्यांनीं रचलेली शिडी ती हीच, फक्त पायऱ्या वाढल्या आहेत. ३१ ऑक्टोबर २०२५ रोजीं त्या शिडीच्या टोंकावर दबंग दिल्ली आणि पुणेरी पलटण हे संघ होते. दिल्लीनें ३१–२८ असा विजय मिळविला.